चेहऱ्याची पारख आणि चेहऱ्याची दलाली

कापडाच्या पेढीवर सिनेमाच्या गोष्टी कशाला, असे आमचे व्यापारी बंधू म्हणतील. पण आमच्या दुकानात शिलाई मशीनवर बसणारा एक होतकरू कारागीर गेल्या वर्षी पंधरा हजार रुपये घालवून बसला, म्हणून लिहिणे भाग आहे. फोटोचे, नावनोंदणीचे असे म्हणत त्याच्याकडून पैसे घेतले. पावती मिळाली, तिच्यावर पत्ता नाही!

कास्टिंग डायरेक्टर हा खरोखरीचा धंदा आहे. पटकथा वाचायची, प्रत्येक भूमिकेसाठी माणूस शोधायचा, कॅमेऱ्यापुढे चाचणी घ्यायची आणि निवडक नावे दिग्दर्शकापुढे ठेवायची. शेवटचा शब्द दिग्दर्शकाचा. नाव नवे असले तरी काम जुने आहे. १९१३ च्या ‘राजा हरिश्चंद्र’मध्ये तारामतीसाठी स्त्री मिळेना, तेव्हा दादासाहेब फाळक्यांनी हॉटेलात काम करणाऱ्या अण्णा साळुंक्यांना उभे केले. ऑस्कर देणाऱ्या अकादमीला मात्र या कामासाठी वेगळे पारितोषिक जाहीर करायला २०२४ साल उजाडले.

थोड्या भांडवलाच्या चित्रपटात तर ही पारखच भांडवल असते. मोठा नट परवडत नाही, म्हणून अस्सल माणूस शोधावा लागतो. नागराज मंजुळे यांच्या ‘फँड्री’तला जब्या म्हणजे करमाळा तालुक्यातल्या केम गावचा, हलगी वाजवणारा सोमनाथ अवघडे. त्याला राष्ट्रीय पुरस्कार मिळाला. चैतन्य ताम्हाणे यांच्या ‘कोर्ट’मधल्या लोकशाहिराच्या भूमिकेत वीरा साथीदार होते, ते स्वतःच चळवळीतले कार्यकर्ते. ‘द डिसायपल’साठी आदित्य मोडक हे शिकलेले गायक घेतले. आवाज उसना घेता येतो, पण तानपुरा घेऊन बसण्याची ढब उसनी मिळत नाही. हातमागाचे आणि यंत्रमागाचे कापड अंधारात चाचपून सांगणाऱ्यांना हे वेगळे समजावून द्यायला नको.

आता पैशाचा मुद्दा. आमच्या बाजारात दलाली बहुधा माल विकणारा देतो. त्यामुळे आपल्या पोरांना वाटते, आपण चेहरा विकतो आहोत तर दलाली आपणच द्यायची. इथेच ती फसतात. कास्टिंग डायरेक्टरला मेहनताना निर्माता देतो, नट नव्हे. को-ऑर्डिनेटर म्हणून जो मध्यस्थ असतो, तो कमिशन घेतो. पण काम होऊन पैसे हाती आल्यावर, त्यातून. कामाआधी जो पैसे मागतो, तो या दोहोंपैकी कोणीच नाही. पुण्यात तर १९६० पासून फिल्म इन्स्टिट्यूट आहे. तिथल्या विद्यार्थ्यांनाही आपल्या चित्रपटांसाठी नवे चेहरे लागतात. होतकरू पोरांनी आधी तिथे चौकशी करावी, असे आमचे मत आहे.

पोरगा पुन्हा मशीनवर बसला आहे. मागच्या महिन्यात भीतभीत म्हणाला, ‘चाचा, एका चाचणीला बोलावलंय, जाऊ का?’ आम्ही अर्ध्या दिवसाची सुट्टी दिली. पाकीट तेवढे गल्ल्यात ठेवून घेतले आणि बसच्या भाड्याचे पैसे हातावर टेकवले.