सेंद्रिय शेतीचा खर्च कोणी सोसायचा?

शेतीत रासायनिक खते व औषधे वापरावीत की नाहीत, या प्रश्नावर आपल्या कार्यकर्त्यांत दोन तट पडलेले दिसतात. एका तटाच्या मते रासायनिक शेती ही बड्या कंपन्यांनी शेतकऱ्याच्या गळ्यात अडकविलेली धोंड आहे, आणि ती दूर करणे हे परिवर्तनवाद्यांचे कर्तव्य आहे. दुसऱ्या तटाला सेंद्रिय शेती म्हणजे पोट भरलेल्या शहरी मंडळींचा छंद वाटतो. शिवाय तिला गोरक्षणाच्या राजकारणाचा वास येतो, अशीही त्यांची तक्रार असते. दोन्ही म्हणण्यांत तथ्य आहे. परंतु जमिनीत काय घालावे यावर तासन्‌तास बोलणारी ही मंडळी त्याचा खर्च कोण सोसतो, हा प्रश्न क्वचितच विचारतात. अर्थशास्त्राच्या विद्यार्थ्याला तो प्रथम सुचतो, आणि माझ्या मते सगळ्या वादाची मेख तेथेच आहे.

या प्रश्नाकडे डोळेझाक केली म्हणजे काय होते, ते श्रीलंकेत दिसले. २०१९ च्या निवडणुकीत गोताबाया राजपक्षे यांनी दहा वर्षांत देशाची शेती सेंद्रिय करण्याचे आश्वासन दिले होते. प्रत्यक्षात मे २०२१ मध्ये एका अधिसूचनेने रासायनिक खतांची व कीटकनाशकांची आयात बंद करण्यात आली. दहा वर्षांचे काम एका हंगामावर आले. त्यामागे मातीविषयीची कळकळ किती होती आणि सरकारी तिजोरीतील खडखडाट किती होता, हे ओळखणे कठीण नाही. पर्यटन बुडाले होते, परकीय चलन आटले होते, आणि खतांच्या आयातीवर दरवर्षी कोट्यवधी डॉलर खर्च होत होते. भात पिकविणाऱ्याला तोवर सरकार जवळजवळ फुकट खत देत असे. ते काढून घेताना त्याच्या हाती पुरेसे कंपोस्ट मात्र दिले गेले नाही. चीनहून सेंद्रिय खताचे एक जहाज आले. त्यात अपायकारक जिवाणू असल्याचे सांगून श्रीलंकेने माल नाकारला, आणि तरीही जानेवारी २०२२ मध्ये त्या कंपनीला ६७ लाख डॉलर मोजले. शेतकरी रस्त्यावर उतरले. नोव्हेंबर २०२१ मध्ये बंदी मागे घ्यावी लागली, परंतु तोवर मुख्य हंगामाची वेळ निघून चालली होती. भाताचे उत्पादन कोसळले, चहाचे घटले, आणि तांदळात जवळजवळ स्वयंपूर्ण असलेल्या देशाला परदेशातून तांदूळ आणावा लागला. जुलै २०२२ मध्ये राजपक्षे देश सोडून गेले. त्यांच्या पतनाची कारणे अनेक होती, पण हे त्यांतले लहान कारण नव्हते.

आपले रसायनवादी मित्र यावरून सेंद्रिय शेती फसली असा निष्कर्ष काढतात. ती तेथे झालीच कोठे? नुसते खत काढून घेतले की शेती सेंद्रिय होत नाही. श्रीलंकेत झाले ते इतकेच, की सरकारला आलेली परकीय चलनाची तूट शेतकऱ्याच्या खळ्यातून भरून काढण्यात आली.

आता थोडा हिशेब करू. पंचेचाळीस किलोच्या युरियाच्या गोणीत सुमारे २१ किलो नत्र असते. चांगल्या कुजलेल्या शेणखतात नत्राचे प्रमाण अर्ध्या टक्क्याच्या आसपास, म्हणजे टनाला पाच किलो. एका गोणीइतके नत्र शेणखतातून द्यायचे तर चार टन खत हवे, म्हणजे बैलगाडीच्या सहा-आठ खेपा. ते उकिरड्यातून उपसायचे, गाडीत भरायचे, शेतात पसरायचे. खेड्यात हे काम कोण करते, हे वाचकांना ठाऊक आहे: घरच्या बाया, नाही तर मजूर बाया, डोक्यावर पाटी घेऊन. शेणखताचा गुण केवळ नत्रात नाही, त्याने जमिनीचा पोत सुधारतो व ओल टिकते, हे मान्य. पण त्याचे श्रम कोणाच्या तरी अंगावर पडतातच. म्हणूनच अमरावती जिल्ह्यातील सुभाष पाळेकर यांनी देशभर नेलेल्या 'शून्य खर्चाच्या' शेतीच्या नावाविषयी माझा आक्षेप आहे. सावकाराकडून व दुकानदाराकडून उसनवारी करावी लागू नये, हा त्यातील आग्रह मोलाचा आहे. परंतु एकरी दोनशे लिटर जीवामृत ढवळणाऱ्या आणि वाहणाऱ्या हातांची मजुरी शून्य धरली, तरच तो खर्च शून्य होतो. स्त्रियांच्या श्रमाला किंमत नाही, असे धरून चालण्याची सवय जुनीच आहे. सेंद्रिय म्हटल्याने ती पवित्र होत नाही.

दुसऱ्या पारड्यातही तोच हिशेब लावला पाहिजे. १९६५-६६ मध्ये देशात सुमारे एक कोटी टन गहू पिकत असे आणि आपण अमेरिकेच्या जहाजांची वाट पाहत असू. आज तो अकरा कोटी टनांवर गेला आहे. १९७२ च्या दुष्काळात मिलो खाल्लेल्या माझ्या पिढीने या फरकाला नाके मुरडू नयेत. परंतु त्याची किंमतही पाहावी. २०१० मध्ये खतांचे अनुदान अन्नद्रव्यांच्या प्रमाणात देण्याचे धोरण आले, आणि युरिया मात्र त्याबाहेर ठेवला गेला. त्यामुळे स्फुरद व पालाश महागले, युरिया पंचेचाळीस किलोला २४२ रुपये अधिक कर अशा भावात स्वस्तच राहिला. शेतकरी स्वस्त ते अधिक टाकतो. यात त्याचे अज्ञान नाही, सरकारने लावलेला भाव आहे. २०२२-२३ मध्ये, युक्रेनच्या युद्धामुळे भाव भडकल्यावर, खतांवरील अनुदान सुमारे अडीच लाख कोटी रुपयांवर गेले. हे पैसे जास्त पाणी असलेल्याकडे जास्त जातात, कारण पाण्याशिवाय खत लागू पडत नाही. ज्या महाराष्ट्रात बहुतेक शेती पावसावर अवलंबून आहे, तेथील जिरायत शेतकऱ्याच्या वाट्याला त्यातले काय येते?

आणि औषधांची किंमत? २०१७ च्या पावसाळ्यात यवतमाळ जिल्ह्यात कपाशीवर फवारणी करताना विषबाधा होऊन वीसहून अधिक माणसे मेली. त्यांत शेतमजूर बरेच होते. माणसाच्या उंचीएवढ्या वाढलेल्या पिकात, तोंडावर फडके बांधून, पाठीवरच्या पंपाने रोजंदारीवर फवारणी करणारा मजूर कोणते औषध वापरायचे हे ठरवीत नाही. ते दुकानदार आणि मालक ठरवितात. रासायनिक शेतीच्या उत्पादनाचे आकडे देताना हे मृत्यू खर्चाच्या बाजूला मांडलेले मी कोठे पाहिले नाहीत.

२०१२ मध्ये 'नेचर' या नियतकालिकात प्रसिद्ध झालेल्या एका मोठ्या तुलनेत सेंद्रिय शेतीचे उत्पादन सरासरीने सुमारे पंचवीस टक्के कमी आढळले. पावसावरच्या द्विदल पिकांत मात्र ही तूट पाच टक्क्यांच्या आसपास होती. आपल्या जिरायत भागाला हे महत्त्वाचे आहे. तूर, मूग, उडीद, हरभरा ही पिके मुळांवरील गाठींतून हवेतील नत्र जमिनीत आणतात, तेही कारखान्याशिवाय आणि आयात केलेल्या वायूशिवाय. मग ती पेरणाऱ्याला आपण कसे वागविले? २०१६ मध्ये तूर पेरा असे सरकारने सांगितले, पाऊस चांगला झाला, विक्रमी पीक आले. हमीभाव बोनससह ५०५० रुपये असताना बाजारात भाव चार हजारांच्या आसपास घसरला, खरेदी केंद्रांवर गाड्यांच्या रांगा लागल्या, बारदान संपले म्हणून मोजणी थांबली, आणि त्याच वर्षी मोझांबिकशी डाळ आणण्याचा करारही झालेला होता. जमिनीत नत्र भरणाऱ्या शेतकऱ्याला मिळालेली ही बिदागी! सेंद्रिय शेतीवर शंभर व्याख्याने देण्यापेक्षा तुरीची खरेदी नीट झाली असती, तर जमिनीचे अधिक भले झाले असते.

जनावरांचेही तसेच. शेण हवे तर गोठा हवा. २०१५ मध्ये महाराष्ट्रात बैलांच्या कत्तलीवरही बंदी आली, म्हातारा बैल विकून नव्या जोडीसाठी पैसे उभे करण्याची जुनी वाट बंद झाली, आणि त्यानंतरच्या पशुगणनेत राज्यातील गोवंश घटलेला आढळला. घट होण्यास ट्रॅक्टरही कारण आहे. पण शेणाची महती गाणाऱ्यांनीच शेण महाग करावे, यातील विसंगती नजरेआड करता येत नाही.

सेंद्रिय मालाला चढा भाव मिळतो, असे सांगितले जाते. मिळतो, पण प्रमाणपत्र असेल तर. आणि निर्यातीच्या नियमांनुसार हंगामी पिकांना दोन वर्षे व फळबागांना तीन वर्षे संक्रमणाचा काळ काढावा लागतो. त्या काळात उत्पन्न घटलेले असते आणि भाव साधाच मिळतो. पन्नास एकरांचा बागाईतदार ही वर्षे काढील. दोन एकरवाल्याचे पीककर्ज कोण थांबवून धरणार? आंध्र प्रदेशात २०१६ पासून सरकारने एक संस्था उभारून, स्त्रियांच्या बचत गटांमार्फत, गावातल्याच शेतकऱ्यांना प्रशिक्षक करून नैसर्गिक शेतीचे काम चालविले आहे, आणि ते हळूहळू, शेताचा एकेक तुकडा घेऊन चालते. त्याच्या यशाविषयी मतभेद असतील, परंतु संक्रमणाचा भार एकट्या शेतकऱ्यावर टाकू नये ही समज त्यात आहे.

केंद्र सरकारने नोव्हेंबर २०२४ मध्ये नैसर्गिक शेतीचे राष्ट्रीय अभियान मंजूर केले: एक कोटी शेतकरी, साडेसात लाख हेक्टर, २४८१ कोटी रुपये. त्याच वर्षी रासायनिक खतांवरील अनुदान दीड लाख कोटींहून अधिक होते. दोन आकडे शेजारी ठेवले म्हणजे भाषणांतील भक्ती किती आणि अंदाजपत्रकातील किती, हे कळते. आपल्या कार्यकर्त्यांनी तालुक्याच्या कृषी कार्यालयात जाऊन विचारावे, की या अभियानात बटाईने शेती करणाऱ्याचे नाव लागते काय. सातबाऱ्यावर त्याचे नाव नसते, पीएम-किसानचा हप्ता त्याला मिळत नाही. आणि ज्याला पुढच्या वर्षी तीच जमीन मिळेल याची खात्री नाही, त्याने चार टन शेणखत तिच्यात का म्हणून घालावे?