उद्यान गावाचे, मग दाद कोणी मागायची?

पालिकेने उद्यानाची जागा खासगी संस्थेला दिली आणि एखादा रहिवासी कोर्टात गेला, की कैफियतीतला पहिला आक्षेप ठरलेला असतो: जागा वादीच्या मालकीची नाही, त्याचे व्यक्तिगत नुकसान नाही, सबब त्याला दाद मागण्याचा अधिकार नाही. जागा कायद्याने दिली की नाही, हे राहते बाजूला. वाद या आक्षेपावरच घोळत बसतो आणि तिकडे पाया खणून होतो.

दोन शेजाऱ्यांच्या बांधाच्या भांडणात हा आक्षेप रास्तच आहे. ज्याचे नाव सातबाऱ्यावर, त्याने भांडावे. तिऱ्हाइताने मध्ये पडू नये. सार्वजनिक जागेचे तसे नाही. तिथे कागदोपत्री मालक पालिका आणि ती जागा परस्पर देऊन टाकणारीही पालिकाच. मालकाखेरीज कोणी बोलायचे नाही म्हटले, तर त्या व्यवहाराविरुद्ध बोलायला कोणी उरतच नाही.

बंगळूरच्या राजमहाल विलास वसाहतीतले प्रकरण पाहा. उद्यानासाठी राखलेली जागा मुख्यमंत्र्यांच्या आदेशावरून एका ट्रस्टला खासगी रुग्णालयासाठी देण्यात आली. रहिवासी उच्च न्यायालयात आधी हरले, मग खंडपीठापुढे जिंकले आणि १९९१ साली सर्वोच्च न्यायालयाने तो निकाल कायम केला. रुग्णालय हीसुद्धा लोकांचीच सोय, हा बचाव टिकला नाही. उद्यान गेल्याची झळ ज्यांना बसते, त्यांना परके ठरवता येत नाही, हे न्यायालयाने स्वच्छ सांगितले. त्याही आधी, १९७४ मध्ये, उडुपीच्या निवासी भागात नगरपालिकेने दिलेल्या सिनेमागृहाच्या परवानगीविरुद्ध एका रहिवाशाचा अधिकार याच न्यायालयाने मान्य केला होता. इतके होऊनही तोच आक्षेप घेतला जातो, याची मला चीड येते.

लोकांच्या वतीने बोलायला नगरसेवक आहेत, असेही सांगतात. लखनौच्या अमीनाबादमधील झंडेवाला पार्कखाली दुकानांचे संकुल बांधण्याचा करार खुद्द महापालिकेनेच केला होता. सर्वोच्च न्यायालयाने १९९९ मध्ये ते बांधकाम काढून उद्यान पूर्ववत करायला लावले. पालिका अशा जागेची विश्वस्त असते. विश्वस्तच चुकला, तर ज्यांच्यासाठी विश्वस्तपद आहे त्यांनी तक्रार करायची नाही, हा कुठला न्याय?

आपल्याकडचा १९६६ चा प्रादेशिक व नगररचना कायदाही माझ्याच बाजूने बोलतो. विकास आराखड्यात किरकोळ फेरबदल करायचा, तरी कलम ३७ प्रमाणे सूचना प्रसिद्ध करून कोणत्याही व्यक्तीकडून हरकती मागवाव्या लागतात. त्या व्यक्तीला मालकीचा कागद कोणी विचारत नाही. मग ही प्रक्रियाच डावलून आरक्षण उठवले, तर तीच व्यक्ती एकाएकी तिऱ्हाईत कशी होते? हरकतीचा हक्क तिला कायद्याने दिला. तो बुडवला गेला, हेच तिचे नुकसान. दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम ९१ मध्येही १९७६ च्या दुरुस्तीनंतर सार्वजनिक उपद्रवाविरुद्ध कोणाही दोन व्यक्तींना, विशेष नुकसान झाले नसले तरी, न्यायालयाच्या परवानगीने दावा लावता येतो.

खंडणीखोर तक्रारदार मात्र आहेत. ते नाकारणे अप्रामाणिकपणाचे होईल. बिल्डरकडून पैसे उकळून याचिका मागे घेणाऱ्यांनी खऱ्या रहिवाशांचे फार नुकसान केले आहे. निव्वळ धंद्याच्या चढाओढीतून आलेल्यालाही हे दार उघडे नसावे. सिनेमागृहाच्या प्रतिस्पर्धी मालकाला १९७६ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने परत पाठवले, ते मला पटते. पण त्यावरचा उपाय वेगळा आहे. अर्जदार कुठे राहतो, त्या जागेशी त्याचा रोजचा काय संबंध, हे प्रतिज्ञापत्रावर घ्यावे. हेतू खोटा निघाला तर जबर खर्च बसवावा. आणि बेकायदा व्यवहार एकदा न्यायालयापुढे आला, की याचिका मागे घेण्याची मुभा अर्जदाराच्या मर्जीवर सोडू नये.

आणि अधिकाराचा मुद्दा निकाली निघेपर्यंत जागा आहे तशी राहील, एवढा हुकूम पहिल्याच तारखेला व्हावा. इमारत उभी राहिल्यावर अधिकार मान्य झाला, तर त्या रहिवाशाच्या हाती निकालाची प्रत तेवढी पडते.