रजई घेताना

मागच्या थंडीत अब्बांसाठी मी ऑनलाइन रजई मागवली. फोटोत गुबगुबीत, वजनाला हलकी, धुवायला सोपी. जिंतूरच्या घरी ती आठवडाभरही टिकली नाही. अब्बा मध्यरात्री घामाघूम होऊन ती बाजूला टाकायचे आणि पहाटे कुडकुडत उठायचे. शेवटी अम्मीनं पेटीतून तिच्या लग्नातली दुलई काढली. आतल्या कापसाचे गोळे झाले होते. मी म्हणालो, "ही आता टाकून द्यायची." अम्मीनं ती गल्लीतल्या पिंजारी चाचांकडे पाठवली. चाचांनी एक कोपरा उसवला, कापूस मुठीत दाबून पाहिला आणि म्हणाले, "बेटा, रुई मरती नै, बैठती. पिंजे तो फिर उठती."

दोन दिवसांनी दुलई फुलून परत आली. अब्बा तिच्यात सकाळपर्यंत झोपले.

रजई स्वतः ऊब तयार करत नाही. धाग्यांमध्ये अडकलेली हवा आपल्याच अंगाची ऊब धरून ठेवते. कापूस पिंजायचा तो याचसाठी. शिवाय कापूस घाम शोषतो, पॉलिस्टर जवळजवळ शोषत नाही. कापसाच्या रजईत दोषही आहेत. ती जड असते, घरी धुता येत नाही, भिजली तर लवकर वाळत नाही. अशक्त म्हाताऱ्या माणसाला कमी कापसाची भरून घ्यावी. तान्ह्या बाळावर तर कोणतीच जाड रजई घालू नये.

घेताना खोळीच्या नक्षीवर भुलू नका. रजई उजेडासमोर धरा, पातळ जागा आणि गोळे दिसतील. टाके फार लांब असतील तर कापूस सरकून एका कडेला जमा होतो. आतले चार धागे मागून घ्या आणि सांभाळून जाळून पाहा. कापूस कागदासारखा जळून राख होतो, पॉलिस्टर वितळून त्याचा कडक मणी होतो. जमलं तर समोर बसून भरून घ्या.

परभणी जिल्हा कापसाचा. आपल्या कृषी विद्यापीठाच्या नांदेडच्या केंद्रानं 1984 साली दिलेलं एनएचएच-44 हे वाण मराठवाड्यानं वर्षानुवर्षं पेरलं. शेतात कापूस पिकवायचा आणि अंगावर खनिज तेलापासून बनवलेला धागा ओढायचा, हा व्यवहार मला कळत नाही.

दुसरी गोष्ट आपल्या समाजाची आहे. इ.स. 922 मध्ये बगदादमध्ये मृत्युदंड झालेल्या मन्सूर हल्लाजचं नाव सूफींच्या गप्पांत आपण अदबीनं घेतो. हल्लाज म्हणजे कापूस पिंजणारा. पण सोयरीक जुळवताना "ते पिंजारी आहेत" हे वाक्य आवाज खाली करून बोललं जातं. मशिदीत एका सफेत उभे राहतो, त्यांनी भरलेल्या रजईत झोपतो आणि नातं जोडायची वेळ आली की जात आठवते. बिरादरीचा हा भेद आपल्यात नाही, असं भाषणात सांगणं सोपं आहे.

चाचांची कमान आता भिंतीला टांगलेली आहे, काम विजेच्या मशीनवर होतं. धूळ मात्र तीच. कापसाची धूळ वर्षानुवर्षं छातीत गेली की दम लागतो. या आजाराला बिसिनोसिस म्हणतात. चाचा तोंडाला रुमाल बांधतात, तेवढंच. त्यांच्या मुलानं हा धंदा धरला नाही. त्याला मी दोष देत नाही. ज्या कामात ना पैसा, ना इज्जत, ते कोणी का करावं?

म्हणून पिंजाऱ्यावर उपकार म्हणून रजई घेऊ नका. चांगली झोप लागते म्हणून घ्या. नवी घेण्याआधी पेटीतली जुनी उघडून पाहा आणि थंडी सुरू होण्याआधीच पिंजायला द्या. ऑनलाइनवाल्याशी आपण घासाघीस करत नाही. मग पिंजाईच्या वीस-पन्नास रुपयांसाठी चाचांशीच का करायची?

मी त्या दिवशी केली होती. अम्मीला कळलं तेव्हा तिनं उरलेले पैसे माझ्या हातात ठेवून मला परत पाठवलं.