शाळेला वारस कोणता?

जून उजाडतो, शाळेची घंटा वाजते, आणि एखाद्या जुन्या नामांकित शाळेच्या फलकावर एकाच दिवशी दोन सूचना झळकतात. दोहोंखाली कार्यवाह म्हणून सही असते. सह्या निराळ्या, आडनाव मात्र एकच. संस्थापकाच्या नातवंडांतील हा सामना आपल्या शहरांत आता अपूर्व राहिलेला नाही. संस्थापकाच्या तसबिरीस हार घालण्यास दोन्ही पक्ष अगत्याने येतात. फक्त वेळा वेगवेगळ्या ठेवाव्या लागतात.

कायद्याच्या दृष्टीने मूळ प्रश्न तितका अवघड नाही. अशा शाळा चालविणाऱ्या बहुतेक संस्था १८६० च्या संस्था नोंदणी अधिनियमाखाली आणि १९५० च्या सार्वजनिक विश्वस्त व्यवस्था अधिनियमाखाली अशा दुहेरी नोंदलेल्या असतात. पहिला कायदा स्पष्ट सांगतो की, संस्था विसर्जित झाली तरी देणी भागवून उरलेली मालमत्ता सभासदांनी वाटून घ्यावयाची नाही. ती दुसऱ्या संस्थेस दिली पाहिजे. जी मिळकत संस्था मोडल्यावरही घरी नेता येत नाही, ती संस्था चालू असताना वारसाहक्काने कशी मिळावी? विश्वस्तपत्रातच वंशपरंपरेची तरतूद असेल तर गोष्ट निराळी. पण तेथेही वारशाने येते ते विश्वस्तपद, मालकी नव्हे.

तरीही दावे चालतात, याचे कारण शाळेच्या वर्गांत नसून शाळेखालच्या जमिनीत आहे. आजोबांनी गावाबाहेर स्वस्तात घेतलेली जागा आज भर वस्तीत आली आहे. धर्मादाय आयुक्तांच्या पूर्वपरवानगीवाचून ती विकता येत नाही हे खरे; परंतु परवानगीचा अर्ज करण्याचा अधिकार ज्याच्या हाती, त्याच्या हाती पुष्कळच असते.

विश्वस्त बदलला की ९० दिवसांत धर्मादाय कार्यालयास बदल कळवावयाचा, ही तरतूद केवळ नोंद अद्ययावत राहावी म्हणून केलेली. भाऊबंदकीत तीच रणभूमी होते. थोरली पाती एक सभा भरविते, धाकटी दुसरी. दोन्ही सभांचे दोन बदल अर्ज दाखल होतात. त्यांवर हरकती, मग चौकशी, मग अपील, मग वरचे न्यायालय. तोवर एका गटाने नेमलेल्या शिक्षकाच्या नेमणुकीस मान्यता देताना शिक्षणाधिकारी कचरतात, कारण नेमणारे व्यवस्थापन खरे कोणते हेच ठरलेले नसते. या शिक्षकाने कोणाच्याही वडिलांची इस्टेट मागितलेली नाही. एका पातीने नेमला, दुसरीने काढला, की शाळा न्यायाधिकरणाची पायरी मात्र त्यालाच चढावी लागते.

वारसांना दोष देणे सोपे आहे. त्यांच्यातील एखाद्या सुनेने वीस वीस वर्षे बिनपगारी राबून शाळा उभी ठेवलेली असते, हेही आम्ही विसरत नाही. आमच्या मते दोषाचा मोठा वाटा, कटू वाटले तरी, संस्थापकांचाच आहे. नोंदणीस सभासद हवेत म्हणून त्यांनी पत्नी, मुलगा, मेहुणा यांची नावे घातली. ती तात्पुरती सोय पुढे घटनाच होऊन बसली. शिक्षक व माजी विद्यार्थी यांना कार्यकारी मंडळात जागा देण्याचे राहून गेले. न्यू इंग्लिश स्कूल १८८० साली निघाले आणि चारच वर्षांत त्याच्या चालकांनी डेक्कन एज्युकेशन सोसायटी स्थापून तिचा भार आजीव सदस्यांवर सोपविला. त्यांच्यातही मतभेद झाले, विकोपासही गेले. टिळक १८९० साली बाहेर पडले. पण पुढे कोणाच्याही मुलाने शाळेचा हिस्सा मागावा, अशी वाटच त्या रचनेत ठेवलेली नव्हती.

आज जे संस्थापक हयात आहेत त्यांनी आपली घटना काढून वाचावी, आणि एका कुटुंबातील किती माणसे मंडळावर असावीत याची मर्यादा सभेपुढे ठेवावी. जेथे भांडण आधीच पेटले आहे तेथे १९५० च्या कायद्याच्या कलम ५०-अ अन्वये कारभाराची योजना ठरवून देण्याचा अधिकार धर्मादाय आयुक्तांस आहे. तो त्यांनी अखेरचा उपाय म्हणून राखून ठेवू नये. निदान शाळांचे बदल अर्ज इतर अर्जांच्या रांगेतून बाजूस काढून नवे शैक्षणिक वर्ष सुरू होण्यापूर्वी निकालात काढावेत, एवढी आमची मागणी आहे. दहावीच्या परीक्षेचे अर्ज भरण्याची मुदत अपिलाच्या तारखेसाठी थांबत नाही.