खटला मुंबईत आणला, पण साक्षीदाराचं काय?

एखादं भयंकर प्रकरण गाजलं की दोन दिवसांत मागणी सुरू होते: खटला दुसऱ्या राज्यात चालवा. आपण रील शेअर करतो, वर ‘न्याय झालाच पाहिजे’ लिहितो आणि पुढे स्क्रोल करतो. माझा या मागणीला विरोध नाही. ती मान्य झाली की काम फत्ते, असं समजणाऱ्यांशी माझं भांडण आहे. मी वकील नाही, सॉफ्टवेअर इंजिनिअर आहे. सर्व्हर बदलला म्हणून बग जात नाही, एवढं मला माझ्या धंद्याने शिकवलंय.

आधी नियम बघू. फौजदारी खटला एका राज्यातून दुसऱ्या राज्यात हलवायचा अधिकार सर्वोच्च न्यायालयाचा. पूर्वी त्यासाठी सीआरपीसीचं कलम ४०६ होतं. १ जुलै २०२४पासून भारतीय नागरिक सुरक्षा संहितेचं ४४६ आहे. अर्ज आरोपीही करू शकतो. पण नुसती गैरसोय सांगून भागत नाही. मनेका गांधींनी मुंबईतला बदनामीचा खटला दिल्लीला न्या म्हटलं, तेव्हा १९७९मध्ये कोर्टाने नाही म्हणून सांगितलं. इथे निष्पक्ष सुनावणी होणार नाही, ही भीती रास्त आहे असं पटवावं लागतं.

म्हणजे पीडितांच्या अर्जावर खटला हलतो, तेव्हा तिथे दहशत आहे हे कोर्टानेच मानलेलं असतं. मग साक्ष देऊन झाल्यावर साक्षीदाराने परत जायचं कुठे? त्याच गल्लीत.

मुंबईत आलेले तीन खटले बघा. बेस्ट बेकरीत १४ माणसं मारली गेली. बडोद्याच्या कोर्टाने २००३मध्ये सगळ्या २१ आरोपींना सोडलं. २००४मध्ये सर्वोच्च न्यायालयाने फेरखटला महाराष्ट्रात पाठवला. खर्च आधी महाराष्ट्राने करायचा, मग गुजरातने भरून द्यायचा, इतका हिशेब आदेशात होता. २००६मध्ये नऊ जणांना शिक्षा झाली. पण ज्या तरुणीने फेरखटल्यासाठी लढा दिला, तीच मुंबईत पुन्हा उलटली आणि कोर्टाच्या अवमानासाठी स्वतः तुरुंगात गेली.

बिल्किस बानो ठाम राहिल्या. २००८मध्ये मुंबईत ११ जणांना जन्मठेप झाली. २०२२मध्ये गुजरात सरकारने त्यांना सोडलं, तेव्हा खटला महाराष्ट्रात चालला होता हेच कामी आलं: माफीचा अधिकार गुजरातला नव्हताच, असं सांगून ८ जानेवारी २०२४ला कोर्टाने ती सुटका रद्द केली. बदलीचा फायदा होतो, तो असा. पण त्या ठामपणापायी या बाईला वर्षानुवर्षं घरं बदलत राहावं लागलं. नुकसानभरपाईचे ५० लाख, नोकरी आणि घर द्या, हा आदेश यायला २०१९ उजाडलं.

तिसरा सोहराबुद्दीनचा खटला. २०१२मध्ये तो मुंबईत आला. एकाच न्यायाधीशाने तो शेवटपर्यंत ऐकावा, असंही सांगितलं होतं. २०१४मध्ये न्यायाधीश बदलले. २१० साक्षीदारांपैकी ९२ फितूर झाले. २१ डिसेंबर २०१८ला सगळे २२ आरोपी सुटले.

त्याच्या सोळाच दिवस आधी, ५ डिसेंबरला, सर्वोच्च न्यायालयाने साक्षीदार संरक्षण योजना देशभर लागू केली होती. त्या ९२ जणांना तिचा काय उपयोग?

‘मुंबईत आणलं म्हणून न्याय मिळाला’ ही शेखी आपण आता सोडावी. कोर्ट हलवणं हे निम्मं काम आहे. बदलीच्या प्रत्येक आदेशात उरलेलं निम्मंही लिहिलेलं असायला हवं: साक्षीदार राहणार कुठे, मागे त्याच्या घरावर पहारा कोणाचा, बुडालेली मजुरी कोण देणार आणि निकालानंतर किती वर्षं संरक्षण मिळणार. त्या पहाऱ्यावर जिथून खटला हलवला तिथलेच पोलीस नकोत.

पुढच्या वेळी ‘खटला हलवा’ची पोस्ट टाकाल, तेव्हा एक ओळ वाढवा: साक्षीदारालाही हलवा, आणि परत जायला सुरक्षित जागा द्या.