वडील हयात आहेत, हा काय गुन्हा झाला?

बेळगाव, खानापूर, निपाणी, भालकी, कारवार कुठंही जा, असं एखादं घर सापडतंच. वडील बसवर ड्रायव्हर, रेल्वेत ट्रॅकमन, नाहीतर कचेरीत शिपाई. एके दिवशी अर्धांगवायूचा झटका येतो, नाहीतर नजर जाते. मेडिकल बोर्ड ‘अनफिट’ लिहितं. पगार थांबतो आणि औषधं सुरू होतात. पोरगं कॉलेज सोडून कचेरीच्या पायऱ्या झिजवायला लागतं. तिथं पहिला प्रश्न ठरलेला: “वडील वारले काय?” नाही म्हटलं की फाईल बाजूला.

नियम सगळीकडे सारखा नाही, हे आधी समजून घ्या. केंद्र सरकारच्या अनुकंपा योजनेत मृत्यूबरोबरच वैद्यकीय कारणावरून झालेली निवृत्तीही धरली आहे. अट एवढीच, की निवृत्ती वयाच्या 55 वर्षांआधी झालेली असावी. पूर्वीच्या ‘ड’ गटासाठी ही मर्यादा 57 आहे. जागा मात्र ‘क’ गटातल्या थेट भरतीच्या फक्त 5 टक्के. उलट कर्नाटक सरकारचे 1996 चे नियम मृत कर्मचाऱ्याच्या वारसांभोवतीच बांधलेले आहेत. अंथरुणाला खिळलेला बाप त्यांना दिसतच नाही. आमचा आक्षेप इथंच आहे. संकट घरात शिरायला मरणच यायला पाहिजे काय?

त्याहून महत्त्वाचं सांगतो. घाईघाईत स्वेच्छानिवृत्तीच्या कागदावर सही करू देऊ नका. दिव्यांग हक्क कायदा 2016, कलम 20(4) बघा. नोकरीत असताना अपंगत्व आलं तर सरकारी कर्मचाऱ्याला काढता येत नाही, खालच्या पदावरही ढकलता येत नाही. त्याच वेतनश्रेणीचं झेपेल असं काम द्यायचं. ते नसेल तर जादा पद तयार करून त्यावर ठेवायचं. वडिलांची नोकरी वाचली तर तुमचं शिक्षण वाचतं.

तरीही निवृत्ती अटळ असेल, तर वेळ दवडू नका. अनुकंपा हा वारसाहक्क नव्हे, अचानक आलेल्या संकटातून घर सावरण्याची ती सोय आहे, असं सर्वोच्च न्यायालयानं 1994 मध्येच सांगितलंय. म्हणजे चार-पाच वर्षं गप्प बसलात, तर ‘घर चाललंच की’ असं तुमच्याच विरोधात वापरलं जातं. आणि लग्न झालेल्या बहिणीला आधीच बाद समजू नका. केवळ लग्न झालं म्हणून मुलीला वगळणं घटनाबाह्य आहे, असं कर्नाटक उच्च न्यायालयानं डिसेंबर 2020 मध्ये ठरवलंय.

आता भाषेचं. कानडी येत नाही म्हणून अर्जच न देणारी पोरं आपल्यात आहेत. राज्यघटनेचं कलम 350 सांगतं, की केंद्रात किंवा राज्यात वापरात असलेल्या कुठल्याही भाषेत गाऱ्हाणं मांडता येतं. मराठीत अर्ज द्या, तो हक्क आहे. सोबत कानडी प्रतही जोडा. त्यात कमीपणा नाही. भाषेचा लढा आपण लढतोच आहे, पण तोवर मुदत थांबत नाही. आणि शिक्का मारलेली पोच घेतल्याशिवाय टेबल सोडू नका.

आमची मागणी साधी आहे. केंद्राला जे जमलं, ते राज्यानंही करावं आणि वैद्यकीय निवृत्तांच्या कुटुंबांना नियमात जागा द्यावी. बाप जगला, याची शिक्षा पोरांना नको.