फोन नक्की कुणाचा?

गेल्या शनिवारी बऱ्याच दिवसांनी पाबळला मावशीकडे गेलो होतो. नगर रोडने शिक्रापूर आणि तिथून आत. पाबळ म्हटलं की पुण्याच्या लोकांना एक तर मस्तानीची समाधी आठवते, नाहीतर विज्ञान आश्रम. मला मावशीच्या हातची बाजरीची भाकरी आठवते. पण या खेपेला भाकरी ताटात पडायच्या आधीच माझ्यापुढे एक खटला उभा राहिला.

मावसभाऊ, म्हणजे आमचा दादा, ओट्यावर बसला होता. "तू इंजिनिअर ना? मग बघ तुझ्या पुतण्याचे पराक्रम," असं म्हणून त्याने स्वतःचा फोन माझ्या हातात दिला. स्क्रीनवर गाड्या पळवायचा एक साधा गेम. इंटरनेट नसतानाही चालणारा, एकट्याने खेळायचा. आणि कोपऱ्यात नाण्यांचा आकडा: ९९,९९,९९९.

"आज गेममधली नाणी, उद्या बँकेतले पैसे. चोरच निघाला की हा!" दादा म्हणाला. आरोपी, वय वर्षं चौदा, इयत्ता नववी, दाराशी खाली मान घालून उभा.

मी त्याला अंगणात नेलं आणि एकच प्रश्न विचारला. "कसं केलंस?"

आधी तो बोलेना. मग बोलायला लागला तो थांबेना. गेममध्ये १२५० नाणी होती. मेमरीत शोधणारं टूल उघडून त्याने १२५० हा आकडा शोधला. हजारो ठिकाणी सापडला. मग गेममध्ये ४० नाणी खर्च केली आणि त्याच हजारो जागांमध्ये १२१० शोधला. आता पाच-सहाच जागा उरल्या. अजून एकदा खर्च, अजून एकदा शोध, आणि शेवटी एकच पत्ता शिल्लक. तिथे हवा तो आकडा लिहिला.

"पण काका, दुसऱ्या एका गेममध्ये आकडा सापडतच नव्हता. स्क्रीनवर ५०० दिसायचे आणि आत ५०० कुठेच नाही."

"मग?"

"मग मी आकडा शोधलाच नाही. खर्च केल्यावर जे जे कमी झालं ते शोधलं. मग कमवल्यावर जे वाढलं ते. मग काहीच न करता जे तसंच राहिलं ते. असं करत करत सापडला. आत वेगळाच काहीतरी आकडा ठेवलावता."

मंडळी, मी गेली दहा-बारा वर्षं कंपनीत इंटरव्ह्यू घेतोय. "उत्तर दिसत नसेल तर कसं शोधशील?" या प्रश्नाला इतकं स्वच्छ उत्तर मला बीई झालेल्या पोरांकडून क्वचित मिळालंय. एक गोष्ट बदला, बाकीच्या तशाच ठेवा, काय हललं ते बघा, जे हललं नाही ते यादीतून काढा. प्रयोगशाळेत दुसरं काय करतात? त्या पोराला मी फक्त एवढंच सांगितलं की १२५० म्हणजे ४ गुणिले २५६ अधिक २२६, आणि फोनच्या मेमरीत लहान बाइट आधी ठेवतात, म्हणून आत ते २२६, ४, ०, ० असे चार बाइट दिसतात. "म्हणजे आकडा उलटा ठेवतात?" असं म्हणून त्याने लगेच वाळूत बोटाने दुसरा आकडा मांडायला घेतला.

आणि या मुलाला घरात चोर म्हणतायत. दादाचं सोडा, तो कांदा पिकवतो, त्याला काळजी वाटणं साहजिक आहे. पण पुण्याला परत आल्यावर हा किस्सा ऑफिसात सांगितला तर तिथेही निम्म्या लोकांनी तोंड वाकडं केलं. "अरे पण ते चीटिंग आहे ना!" माझा राग आहे तो या लोकांवर. कारण यांच्यापैकी प्रत्येकाने लहानपणी घरातला रेडिओ नाहीतर घड्याळ उघडून ठेवलेलं आहे, आणि पीसीवरच्या गेममध्ये अमर व्हायचे कोड टाकलेले आहेत. तेव्हा ते कुतूहल होतं. आता तेच दुसऱ्याच्या पोराने केलं की गुन्हा!

आधी चोरीचा आरोप बघू. नाणी विकून गेम बनवणाऱ्याचं पोट भरतं, हे मला मान्य आहे. रिअल क्रिकेट बनवणारी नॉटिलस मोबाईल ही आपल्या पुण्याचीच कंपनी. या धंद्यात आपल्यासारखीच माणसं आहेत, त्यांचे ईएमआय आहेत. म्हणून हा मुद्दा हसण्यावारी नेणार नाही. पण माझ्या फोनच्या मेमरीत क्षणभर असलेला आकडा त्यांच्या मालकीचा आहे का?

हा प्रश्न कोर्टात जाऊन आलाय. १९९२ साली अमेरिकेत निन्टेन्डोच्या गेममध्ये जादा जीव देणाऱ्या 'गेम जीनी' या उपकरणाचा खटला चालला आणि अपील कोर्टाने निकाल उपकरण बनवणाऱ्या गलूब कंपनीच्या बाजूने दिला. अगदी अलीकडे, १७ ऑक्टोबर २०२४ रोजी युरोपीय संघाच्या न्यायालयाने सोनी विरुद्ध डेटेल या खटल्यात आपल्या पुतण्याच्या प्रश्नाचंच उत्तर दिलं. प्रोग्रॅमचा कोड बदलला नाही, त्याची नक्कल केली नाही, फक्त चालू असताना त्याने मेमरीत ठेवलेल्या आकड्यांचं मूल्य बदललं, तर त्यांच्या सॉफ्टवेअर कायद्यानुसार तो कॉपीराइटचा भंग नाही. हे निकाल आपल्याला लागू नाहीत, ठीक. पण आपल्याही १९५७च्या कॉपीराइट कायद्यात, कलम ५२ मध्ये, प्रोग्रॅम वापरत असताना त्यामागच्या कल्पना समजून घेण्यासाठी त्याचं निरीक्षण आणि अभ्यास करायला मोकळीक दिलेली आहे. आकडा बदलण्याबद्दल ते कलम काही बोलत नाही, आणि गेमच्या अटींमध्ये मनाई असेल तर कंपनी खातं बंद करू शकते. करू दे. ती तिची बाजू झाली. पण "चोर" हा शब्द यात कुठेच बसत नाही.

आता चीटिंग. फसवणूक व्हायला फसणारा लागतो. एकट्याने खेळायच्या गेममध्ये तो कोण? समोर दुसरा माणूस खेळत असेल तर मात्र गोष्ट वेगळी. बीजीएमआयसारख्या गेममध्ये कुणी भिंतीपलीकडचं बघायला लागला, तर नव्व्याण्णव जणांची अर्ध्या तासाची मेहनत तो मातीत घालतो. तो खोटारडेपणाच आहे आणि अशांना हाकलूनच द्यावं. मी पुतण्याला हे स्पष्ट सांगितलं. तसंही नाणी सर्व्हरवर ठेवणाऱ्या गेममध्ये ही युक्ती चालत नाही, आपल्या स्क्रीनवरचा आकडा तेवढा बदलतो आणि पुढच्या व्यवहारात पितळ उघडं पडतं. हेही त्याने आधीच करून बघितलं होतं म्हणा. :-)

इथपर्यंत मी मुलाचा वकील होतो. पण मग मी विचारलं, "फोन तर रूट केलेला नाही. मग टूल चाललं कसं?" आणि त्याच्या उत्तराने माझ्या पोटात गोळा आला.

हे जरा सविस्तर सांगतो. अँड्रॉइडच्या पोटात लिनक्स आहे. प्रत्येक ॲपला १०००० च्या पुढचा एक यूजर नंबर मिळतो. पेइंग गेस्टच्या वाड्यासारखं समजा. प्रत्येक ॲपची खोली वेगळी, कुलूप वेगळं, आणि एका खोलीतून दुसरीतलं काही दिसत नाही. २०१४च्या अँड्रॉइड ५ पासून त्यावर एसई-लिनक्सचा सक्त पहाराही बसला. रूट म्हणजे घरमालकाची किल्ली, सगळ्या खोल्या उघडणारी. आणि ती किल्ली आपल्याला, म्हणजे ज्यांनी पंधरा हजार मोजून वाडा विकत घेतलाय त्यांना, दिली जात नाही.

मग रूट नसलेल्या फोनवर पोरं काय करतात? 'व्हर्च्युअल स्पेस' नावाचं एक ॲप टाकतात. हे ॲप म्हणतं, सगळे माझ्या खोलीत या. गेमची एक प्रत त्याच्या आत चालते आणि मेमरी वाचणारं टूलही तिथेच चालतं. दोघांचा यूजर नंबर एकच, त्यामुळे एकाला दुसऱ्याच्या मेमरीत हात घालता येतो. युक्ती हुशारीची आहे. पण त्या खोलीत आता एकही भिंत नाही. आत जे जे ठेवाल ते आतल्या प्रत्येकाला वाचता येतं, आणि खोलीच्या मालकाला तर येतंच. हा मालक कोण? कुठल्यातरी साइटवरून उतरवलेली एक फाईल. तिने फोटो, कॉन्टॅक्ट्स, एसएमएस सगळ्याची परवानगी मागितलेली आणि पोराने ती देऊन टाकलेली. वर गेम सुरू होईना म्हणून त्याच खोलीत दादाचं गूगल खातंही उघडलेलं!

याच फोनवर दादाचं यूपीआय आहे. कांद्याची पट्टी झाली की पैसे याच खात्यात येतात. आणि सगळं घर नाण्यांवरून भांडत होतं.

पुढचा तासभर ते ॲप काढणं, पासवर्ड बदलणं, खातं कुठल्या कुठल्या यंत्रांवर उघडं आहे ते तपासणं यात गेला. सुदैवाने काही गेलेलं नव्हतं. पण चूक कुणाची? पोराला आतलं बघायचं होतं. सरळ दार बंद, म्हणून तो गटारातून गेला. फोन रूट करावा तर पेमेंटची ॲप्स बंद पडायची धास्ती, कारण बरीचशी ॲप्स रूट दिसला की चालायला नकार देतात. म्हणजे आज भारतात फोनच्या मालकाने ठरवायचं की फोनने पैसे द्यायचेत की फोन उघडून बघायचाय. पाबळच्या घरात फोन दोन नसतात. तिथे हा पर्यायच नाही.

तुम्ही म्हणाल, कुलपं सुरक्षेसाठीच आहेत. मान्य! मला भिंती पाडायच्या नाहीत. बँकेच्या ॲपभोवतीची भिंत मला दुप्पट जाड चालेल. माझं म्हणणं एवढंच की मी सांगेन त्या एका ॲपची खोली मला आतून बघू द्या. हे अशक्य नाही, कारण सोय आधीपासून आहे. 'डीबगेबल' म्हणून खूण केलेल्या ॲपची मेमरी रूटशिवाय, साध्या यूएसबी केबलने जोडून तपासता येते, बाकी ॲप्सना धक्का न लावता. तुम्ही-आम्ही रोज ऑफिसात हेच करतो. पण ती खूण करायचा अधिकार ॲप बनवणाऱ्याला आहे, फोन विकत घेणाऱ्याला नाही. मुद्दा सुरक्षेचा असता तर बनवणाऱ्यालाही दिला नसता.

आणि दार अजून अरुंद होतंय. ऑगस्ट २०२५ मध्ये गूगलने जाहीर केलं की ओळख पटवलेल्या डेव्हलपरचीच ॲप्स प्रमाणित फोनवर टाकता येतील, सुरुवात काही देशांपासून. ओरड झाल्यावर नोव्हेंबरमध्ये म्हणाले की जाणकारांसाठी वेगळी वाट ठेवू. जाणकार म्हणजे कोण? नववीतला मुलगा त्यात धरणार का?

हे सगळं पाबळमध्ये घडावं याचं मला जास्त वाईट वाटलं. डॉ. श्रीनाथ कलबागांनी हिंदुस्थान लिव्हरच्या संशोधन केंद्रातली नोकरी सोडून १९८३ साली याच गावात विज्ञान आश्रम काढला. का? तर हाताने काम करता करता माणूस शिकतो, हे त्यांना दाखवायचं होतं. शाळेने नापास ठरवलेली मुलं तिथे वेल्डिंग करायला, वायरिंग करायला, घरं बांधायला शिकली. २००२ साली तिथे फॅब लॅब आली, अमेरिकेतल्या एमआयटीच्या बाहेरची पहिली म्हणून ती ओळखली जाते. कलबाग २००३ मध्ये गेले. इंजिन उघडू नकोस, बिघडेल, असं त्या आवारात कुणी म्हणत नाही. आणि तिथून हाकेच्या अंतरावरच्या घरात, त्या इंजिनापेक्षा कितीतरी ताकदीचं यंत्र पोराच्या हातात आहे आणि त्याचं झाकण वितळवून बंद केलेलं आहे.

असो. कंपन्या ऐकतील तेव्हा ऐकतील. माझ्या घरी एक जुना लॅपटॉप पडून होता. काल त्यावर लिनक्स टाकलं आणि पुढच्या रविवारी पाबळला पोचवतोय. त्यावर रूट तोच असेल. पहिलं काम ठरलंय: स्वतः एक छोटा गेम लिहायचा, त्यात नाणी ठेवायची आणि ती मेमरीत शोधायची. दुसरं काम: ती अशी लपवायची की शाळेतल्या मित्राला सापडता कामा नयेत.

दादाने जेवताना विचारलं, "म्हणजे शिक्षा काहीच नाही का?"

"आहे ना," म्हणालो. "तुझ्या फोनला महिनाभर हात लावायचा नाही. आणि अनोळखी ॲपला कुठली परवानगी का द्यायची नाही, ते आख्ख्या वर्गाला समजावून सांगायचं."

दुसरी शिक्षा त्याला आवडलेली दिसली.

आता तुमच्याकडे वळतो. तुमच्या ड्रॉवरमध्ये एखादा जुना फोन, कपाटावर एखादा जुना लॅपटॉप नक्की असणार. एक्स्चेंजमध्ये त्याचे सातशे-आठशे येतील. त्यापेक्षा त्यातला सगळा डेटा पुसा, सिम काढा, कुठलंही खातं ठेवू नका, आणि गावाकडच्या अशा एखाद्या 'चोराला' देऊन टाका. सोबत स्क्रू-ड्रायव्हर दिलात तर उत्तमच.